सिरांदीतली झिण

सिरांदी हा देश साखर मिलच्या तळ्याखाली होता. कमळने हे मला सांगितलं तेव्हा मी नऊ वर्षांची होते आणि मी लगेच विचारलं, मग तिथली माणसं भिजत कशी नाहीत? कमळ माझी बहीण, माझ्याहून चार वर्षांनी मोठी. ती मुळीच अडखळली नाही. "तळ्याचं पाणी म्हणजे त्यांचं आभाळ. आपण आभाळानं भिजतो काय?" "पावसात भिजतो," मी म्हटलं. "मग तेबी पावसात भिजतात. पुढं ऐक गो."

पुढे ऐकण्यासारखं पुष्कळ होतं. सिरांदीत राजा नव्हता. राजे आम्हाला शनिवारच्या मराठी वर्गात पुरेसे भेटत. तिथले डोंगर आतून गुणगुणत. नद्या दुपारी थांबत, जेवत, आणि मग पुन्हा वाहू लागत. या सगळ्याच्या बुडाशी होती झिण. झिण म्हणजे काय, ते कमळ रोज थोडं थोडं शोधून काढी. ती प्रत्येक वस्तूत असते, पण वस्तू स्वस्थ असली तरच साठते. कोणी ओरडलं की उडून जाते. दगडात जास्त, कोंबडीत कमी. तिचे प्रकार तीन: थांबी, वळी आणि उकळी. थांबी झिणेने नद्या थांबत, वळी झिणेने गेलेली माणसं घरी परतत, आणि उकळी कशासाठी ते अजून कळलं नव्हतं, त्यावर संशोधन चालू होतं. संशोधक देशाच्या मधोमध एका लाबोरातुवारमध्ये बसत. लाबोरातुवार हा आमच्या घरातला रोजचाच शब्द, कारण बाबा मिलच्या प्रयोगशाळेत मदतनीस होते. कोणाच्या उसात किती गोडी आहे, हे ते नळ्या, काचा आणि थर्मामीटर घेऊन ठरवत, आणि त्यांनी लिहिलेला आकडा आसपासच्या सगळ्या छोट्या ऊसवाल्यांना मान्य करावा लागे. कुरकुरत का होईना, ते करत.

आमचं गाव बेटाच्या दक्षिणेला, विमानतळाजवळच्या प्लेन मान्येनच्या अलीकडे, तिन्ही बाजूंनी उसात बुडालेलं. डोक्यावरून विमानं इतकी खालून जात की पत्र्याचं छप्पर थरथरे आणि बोलणारा वाक्याच्या मध्यात थांबून विमान गेल्यावर तिथूनच पुढे बोले. मला अजूनही ती सवय आहे. इतरांना वाटतं मी विचार करते आहे. हंगामात मिलचा भोंगा दिवसातून तीनदा होई आणि घरभर काकवीचा वास बसे, उशीत, वह्यांत, पावातसुद्धा. आई मी चार वर्षांची असतानाच गेली. घर चालवी ती साळूआत्या, बाबांची विधवा बहीण. ती पहाटे गमबूट घालून, डोक्याला फडकं आणि त्यावर गवती टोपी चढवून शेतात निंदणीला जाई, दुपारी परत येऊन पाट्यावर मसाला वाटी. त्या पाट्याला आमच्याकडे रोसकारी म्हणतात. त्याचा घर्रघर्र आवाज बंद झाला की जेवण तयार, असं आम्ही समजत असू. खारवलेल्या माशाची चटणी, ब्रेदच्या पाल्याचं पाणीदार कालवण, भात. चार वाजता पावडरच्या दुधाचा, व्हॅनिलाचा वास असलेला चहा. आत्याला लिहितावाचता येत नव्हतं आणि ती कोणालाच घाबरत नव्हती. नंतरच्या आयुष्यात असं माणूस मला पुन्हा भेटलं नाही.

सिरांदीचं संशोधन रीतसर झालं याला कारण बाबा. एका संध्याकाळी आम्ही बाटल्यांत खडे भरून फणसाच्या झाडाखाली ओळीने ठेवत होतो. झिण साठली की पाणी गार होतं, असा कमळचा सिद्धान्त होता. बाबा सायकल टेकवून बघत राहिले. मला वाटलं ओरडतील. ते म्हणाले, "सगळ्या बाटल्यांत खडे? मग गार झालं ते खड्यानं की सावलीनं, कसं कळणार? एक बाटली कोरी ठेवा." दुसऱ्या दिवशी त्यांनी मिलमधलं एक अर्धं वापरलेलं जाड रजिस्टर आणून दिलं, वर फ्रेंचमध्ये रकान्यांची नावं छापलेलं, आणि एक जुना थर्मामीटर, ज्याच्या टोकाला दोरा बांधलेला होता. सोबत नियमही दिले. प्रत्येक वाचन दोघांनी करायचं. वाचलेला आकडा आधी लिहायचा, मग तोंडाने बोलायचा. आणि रबर वापरायचा नाही. चुकलं तर आकड्यावर एकच बारीक रेघ मारायची, खालचं वाचता आलं पाहिजे. वर बरोबर आकडा लिहायचा आणि शेजारी दोन सह्या, दुरुस्त करणाऱ्याची आणि ज्याच्यासमोर दुरुस्त केलं त्याची. "खाडाखोड केलेलं पान म्हणजे मेलेलं पान," ते म्हणत.

कामाची वाटणी आपोआप झाली. कमळ शोध लावी, मी मोजी. झिणेचं एकक बाबेत. बाबेत ही आमची पांढरी कोंबडी, आणि एक अंश गारवा म्हणजे एक बाबेत. आम्ही दगड मोजले, तळ्याचं पाणी मोजलं, देवळाची पायरी मोजली, पाव खाताना स्वस्थ बसलेली बाबेत मोजली. मोजायला गेलं की ती स्वस्थ राहत नसे. कमळच्या मते हाच मोठा पुरावा होता. रजिस्टरची बेचाळीस पानं भरली आणि बाबेतच्या रकान्यात वरपासून खालपर्यंत शून्यं. कोऱ्या बाटलीइतकंच खड्यांचं पाणी गार, कधी उलट गरमच.

"तुझ्या हातानं झिण पळते," कमळ चिडून म्हणे. "तुला ती नकोच आहे."

"मला काय नको? जे दिसतं ते लिहिलं."

"एकदा तरी एक लिही की. एक! अर्धा बाबेत!"

मी लिहिलं नाही. ती दोन दिवस माझ्याशी बोलली नाही, आणि तिसऱ्या दिवशी नवा शोध घेऊन आली, की सिरांदीत शून्याला फार मान असतो. आता मागे वळून बघताना वाटतं, इतक्या शून्यांनंतरही पुढच्या प्रयोगाला उत्साहाने बाटल्या धुणारी माणसं मी पुढे मोठ्या प्रयोगशाळांतही थोडीच पाहिली.

आमच्या घरी दर वर्षी गोंधळ होई. मिलच्या पाळ्यांमुळे तो रविवारी दुपारी ठेवत. ओसरीत पाच उसांचा मखर, मध्ये कलश, दिवे, गावातलेच तिघेजण ढोलक आणि झांजा घेऊन, आणि मागे चुलीवर पुरणपोळ्या. गाणं रंगात आलं की साळूआत्याच्या अंगात देवी येई. केस सुटत, डोळे मिटत, मान गरगर फिरे, आणि मग देवी बोले. माणसं पुढे येऊन विचारत: गाय केव्हा विणार, मुलाला विमानतळावर काम लागेल काय. देवी थोडक्यात सांगे. वर्षाचे इतर सगळे दिवस आत्याला कोणी काही विचारत नसे. मी दहा वर्षांची असताना कमळ म्हणाली, उकळी झिण हीच. आम्ही पितळेच्या वाटीत पाणी घेऊन ती आत्याच्या चटईशेजारी ठेवली आणि थर्मामीटर सोडला. आधी चोवीस, मध्ये चोवीस, शेवटी चोवीस. शून्य बाबेत. पण मी आणखी एक टिपलं. शेजारणीचं रांगतं मूल निखाऱ्याच्या धुपाटण्याकडे निघालं होतं, आणि देवी अंगात असलेल्या, डोळे मिटलेल्या आत्याने मान फिरवता फिरवता पायाने ते धुपाटणं हळूच लांब सारलं. 'शेरा' या रकान्यात मी लिहिलं: आत्याला दिसत होतं. कमळने ते वाचून रजिस्टर उशीखाली लपवलं. "हे कुणाला दाखवू नको हं." मी दाखवलं नाही. पण मला माझा अभिमान वाटत होता, हे कबूल करते.

पुढच्या वर्षी कमळ परीक्षेत नापास झाली. गणितात नव्हे, बाकी सगळ्यात. वह्यांच्या मागच्या पानांवर सिरांदीचे नकाशे होते. ती क्युरपिपच्या शाळेत जाई, बसने तासभर, आणि निम्मे दिवस भिजून परत येई. मग मोठे बापू आले. बापू म्हणजे बाबांचे थोरले भाऊ दामोदर, शेजारच्या गावात राहत, दोन तुकडे ऊस होता, आणि शनिवारी आम्हाला मराठी शिकवत. त्यांनी बाबांना लहानाचं मोठं केलं होतं, स्वतः शाळा सोडून. त्यांनी प्लेन मान्येनजवळच्या एका स्वेटर विणण्याच्या कारखान्यात कमळसाठी जागा बोलून ठेवली होती. पुढच्या सोमवारपासून.

"हातात काम असलेली पोर कुणापुढं वाकत नाय, गणू," ते चहा पिताना बाबांना म्हणाले. "शाळेत काय करते ही? तळ्याखालचे देश काढते."

त्यांचं सगळंच चूक नव्हतं. आमच्या वयाच्या कितीतरी मुली त्या कारखान्यांत गेल्या आणि त्यांनी घरं उभी केली. पण कमळ दाराआड उभी होती आणि तिने दाराची कडी घट्ट धरली होती. बाबा "बघू, भाऊ," म्हणाले. बाबांच्या तोंडी 'बघू' म्हणजे 'हो'. भावाला 'नाही' म्हणायला त्यांच्याकडे शब्दच नव्हता, हे आम्हा सगळ्यांना ठाऊक होतं. कमळ त्या रात्री जेवली नाही. सकाळी मला म्हणाली, "मला फिजिक शिकायचं होतं गो. झिणेचं खरं काय ते." ती रडली असती तर मला सोपं गेलं असतं.

मधल्या रविवारी गोंधळ होता. आदल्या दिवशी दुपारी मी आत्याला पाट्यावर हळद वाटायला मदत करत होते. तिने वर न बघता विचारलं, "तुझं ते यंत्र यंदा लावणार काय?"

"कशाला? गेल्या वर्षी शून्यच आलं."

"लाव. वाटी जवळ ठेव माझ्या. आणि गो, धुपाटण्याचं ते जिथं लिवलंस, तिथं यंदा कायबी लिवू नको."

मला वाटलं वरवंटा माझ्याच छातीवरून फिरला. म्हणजे आत्याला माहीत होतं. तिला वाचता येत नव्हतं, पण माझ्याकडे बघता येत होतं. "आयो, तोंड मिट," ती म्हणाली. "माशी जाईल."

रविवारी ओसरी भरली. बापू पुढे बसले, पांढऱ्या सदऱ्यात. त्यांच्याच शेतातले पाच ऊस होते. ढोलक वाढत गेलं, आत्याची मान फिरू लागली. दोनतीन जणांचे प्रश्न झाले. मग कोणी न विचारताच देवी बोलली: "या घरची थोरली पोर वही घेऊन जन्माला आली. तिच्या हातातून वही काढाल तर मी या घरी पुन्हा येणार नाय."

झांजा थांबल्या. बापूंनी बहिणीकडे पाहिलं. ते श्रद्धाळू होते, पण भोळे नव्हते. "देवी बोलते, का साळू बोलते?" ते म्हणाले. कोणीतरी "आयो" केलं. देवी डुलत राहिली. बापूंनी मान वळवली आणि त्यांना मी दिसले, वाटीपाशी, रजिस्टर मांडीवर. ते हसले. "गणू, तू सांगत फिरतोस ना, माझ्या धाकटीच्या वहीत खोटं नसतं म्हणून? मग होऊन जाऊ दे. शिमिस्त, बोल, देवी आली काय तुझ्या पाण्यात?"

शिमिस्त म्हणजे मिलमधला रसायनतज्ज्ञ. सगळे हसले. बापू हसत होते, पण मला माहीत होतं, ते उत्तर ऐकणार होते. हा माणूस दर हंगामात स्वतःचा ऊस बाबांच्या काचेसमोर ठेवी आणि जो आकडा येई तो न बोलता घेऊन जाई. बाकीचे ऊसवाले भांडत. बापू म्हणत, "माझ्या भावानं लिवलंय ना? मग झालं."

मी वाकून बघितलं. पारा चोवीसवर होता. किंचित वरच, खरं तर. इतकी माणसं, इतके दिवे. मी कमळकडे बघितलं. दोन वर्षं जी माझ्याकडे अर्ध्या बाबेतची भीक मागत होती, ती आता पेन्सिल माझ्यापुढे धरून उभी होती. अगदी हळू म्हणाली, "जे असेल ते लिही."

तिने तसं म्हटलं नसतं तर मी बहुधा चोवीसच लिहिलं असतं.

"आधी लिहायचं असतं, मग बोलायचं," मी बापूंना म्हटलं, आणि लिहिलं. मग बोलले, "एकवीस. आधी चोवीस होतं. तीन बाबेत."

"एवढी माणसं, एवढे दिवे," बापू म्हणाले, "आणि पाणी गार झालं?" आता ते हसत नव्हते. "दुसरं वाचन लागतं ना रे तुमच्यात? गणू, तू वाच."

बाबा उठले. ओसरी ओलांडून आले, गुडघ्यावर बसले, सदऱ्याच्या खिशातून चष्मा काढून चढवला. थर्मामीटर पाण्यातच ठेवून वाचायचा असतो, तसाच त्यांनी वाचला, डोळा पाऱ्याच्या रेषेत आणून, जसा मिलमध्ये वाचत. मला त्यांच्या कानामागचा घाम दिसत होता. इतका वेळ त्यांना कधी लागत नसे. डोक्यावरून विमान गेलं आणि सगळे ते जाण्याची वाट बघत थांबले. मग बाबांनी माझ्या हातातून पेन्सिल घेतली, माझ्या आकड्याशेजारी मिलमध्ये करत तशी सही केली, आणि भावाकडे न बघता म्हणाले, "एकवीस."

"एकवीस?"

"थर्मामीटर मिलचा आहे, भाऊ."

बापू उठले. पाटावरचं कुंकू लावून घेतलं, बहिणीच्या पाया पडले, देवीच्या म्हणायचं, आणि म्हणाले, "बरं. देवी आणि लाबोरातुवार एकत्र आले तर मी कोण?" मग ते पुरणपोळी खायला बसले. चार खाल्ल्या. सोमवारी सकाळी आमच्या फाटकाला एक पुरुषी काळी मोठी छत्री अडकवलेली सापडली. बापू सायकलवरून पुढे निघून जात होते, ओरडून एवढंच म्हणाले, "क्युरपिपला पाऊस लागतो!" कमळने ती छत्री पाच वर्षं वापरली.

बाबा माझ्याशी त्याबद्दल कधीच बोलले नाहीत. पण ते आठवडाभर माझ्याकडे असे बघत, जसा माणूस आपल्याच हातची चूक बघतो, रागाने नव्हे. सिरांदी मात्र तिथेच संपली. कमळला चालू ठेवायची होती, पण मला पुढचं पान उघडवेना. खोटा आकडा लिहिल्यावर पुढची शून्यं कशी लिहायची? मी रजिस्टर बाबांना परत दिलं. त्यांनी ते कपाटात कपड्यांखाली ठेवलं. कमळ पुढे फिजिक शिकली आणि तिने रोझ हिलच्या एका शाळेत तीस वर्षं शिकवलं. अजूनही मेट्रोत तिला जुन्या विद्यार्थिनी भेटतात आणि उभं राहून जागा देतात. मी पाण्याच्या तपासणीत गेले. माझ्या हाताखालच्या मुलींना मी रबर देत नसे, म्हणून त्या मला खडूस म्हणत. म्हणू देत.

साळूआत्या आधी गेली, मग बापू. बापूंचा ऊस शेवटपर्यंत बाबांच्याच काचेखालून गेला, मिल बंद होईपर्यंत, आणि त्यांनी कधी दुसऱ्यांदा मोजायला सांगितलं नाही. मला वाटायचं, त्यांना काही कळलं नसावं. बाबा गेल्या वर्षी गेले. त्यांचं कपाट आम्ही दोघींनी आवरलं. लोकरीचे कपडे एका ढिगात, औषधं कचऱ्यात, कागद वेगळे. तळाशी रजिस्टर होतं. पुठ्ठ्याला वाळवी लागली होती, आतली पानं ठीक होती. कमळ जमिनीवर बसून शून्यं वाचत हसत होती. मग तिचं हसणं थांबलं आणि तिने रजिस्टर माझ्याकडे फिरवलं.

माझ्या एकवीसवर एक बारीक रेघ होती. खालचा आकडा स्वच्छ वाचता येत होता. वर शाईत, बाबांच्या तिरक्या अक्षरात, चोवीस. शेजारी दोन सह्या. पहिली बाबांची, मिलमध्ये करत ती. दुसरी मराठीत, जाड, शनिवारच्या वर्गात फळ्यावर असायचं त्याच वळणाची: दामोदर.

"कधी गो?" कमळ म्हणाली.

तारीख नव्हती. तारखेशिवाय बाबांनी आयुष्यात काही लिहिलं नव्हतं. छत्रीच्या सोमवारआधीचं असेल किंवा वीस वर्षांनंतरचं. दोघे भाऊ कुठे बसले, कोण आधी बोललं, की बापूंना त्या दुपारीच कळलं होतं आणि तरी त्यांनी चार पुरणपोळ्या खाल्ल्या, हे सांगायला आता कोणी नाही. मी पान उजेडाकडे धरून बघितलं. दोन्ही सह्या एकाच पेनाच्या होत्या.

कमळने पर्समधून पेन काढलं. "मीपण करू काय सही?"

"नको," मी म्हटलं. "दोनच लागतात."